कँडी म्हणजे किती?

कोणत्याही विद्यार्थ्याला 'कँडी' या इंग्रजी शब्दाचा अर्थ विचारा. गोळी, खाऊ, चघळायची मिठाई असेच उत्तर मिळेल. मग त्याला वर्तमानपत्रातील बाजारभावांचे पान दाखवा. तेथे रुईचे भाव 'दर कँडीस इतके हजार रुपये' असे छापलेले असतात. कापसाचा आणि गोळीचा संबंध काय?

संबंध नाही असे प्रथम वाटते, आणि मोठ्या इंग्रजी कोशांत हे दोन निरनिराळे शब्द म्हणूनच दिलेले असतात. पहिला मिठाईचा. दुसरा वजनाचा. हा दुसरा शब्द जुना असून इंग्रजीच्या रोजच्या व्यवहारातून केव्हाच गेला आहे. मात्र तो आपल्याला परका नाही. ती आपली 'खंडी' आहे. ईस्ट इंडिया कंपनीच्या व्यापाऱ्यांनी ती येथील बाजारात ऐकली आणि आपल्या हिशेबाच्या वह्यांत कँडी म्हणून लिहिली. त्यांच्या आधी आलेल्या पोर्तुगिजांनी तिचे 'कांदिल' केले होते.

गंमत अशी की मिठाईची कँडीही मूळची इकडचीच. संस्कृत 'खंड' म्हणजे तुकडा. त्यावरून साखरेचा खडा. हा शब्द फारसीत 'कंद' झाला, अरबीतून आणि फ्रेंचमधून इंग्रजीत पोहोचला. वजनाच्या खंडीचे मूळही कोशकार याच 'खंड'शी जोडतात. म्हणजे एकाच घरातून निघालेले दोन भाऊ वेगवेगळ्या वाटांनी इंग्लंडला गेले आणि तेथे एकाच स्पेलिंगने राहू लागले!

पण शब्दाची ही कथा येथे संपत नाही. कँडी म्हणजे नक्की किती? या साध्या प्रश्नात मापनशास्त्राचा एक मोठा धडा दडलेला आहे.

खंडी हे वजन की संख्या?

हेन्री यूल आणि आर्थर बर्नेल यांनी भारतातून इंग्रजीत गेलेल्या शब्दांचा 'हॉब्सन-जॉब्सन' हा कोश १८८६ साली प्रसिद्ध केला. त्यात कँडी म्हणजे ढोबळमानाने ५०० पौंड, पण ठिकाणानुसार पुष्कळ बदलणारे वजन, असे सांगितले आहे. हा बदल किती होता ते पाहू.

मद्रासची खंडी ५०० पौंडांची, म्हणजे सुमारे २२७ किलोग्रॅमची होती. मुंबईची खंडी ५६० पौंडांची, म्हणजे २५४ किलोग्रॅमची. आणि त्याच मुंबईत कापसाची खंडी ७८४ पौंडांची! ही भरते ३५५.६ किलोग्रॅम. आजही आपल्या कापूस बाजारात कँडी म्हणजे ३५६ किलोग्रॅमच धरतात.

हा गोंधळ दिसतो तितका अर्थहीन नाही. मुंबईचा मण २८ पौंडांचा, मद्रासचा २५ पौंडांचा. दोन्हींना २० ने गुणून पाहा. ५६० आणि ५०० या संख्या मिळतात. म्हणजे दोन्हीकडे खंडीचा अर्थ एकच होता: वीस मण. बदलत होता तो मण. कापसाच्या बाबतीत मात्र मुंबईकरांनी वीसऐवजी अठ्ठावीस मणांची खंडी धरली. २८ गुणिले २८ म्हणजे ७८४.

यावरून लक्षात येईल की खंडी हे मुळात 'वीसचा गट' दाखवणारे नाव आहे. धनगर मेंढ्यांची खंडी म्हणतात तेव्हा त्यांना वीस मेंढ्या अभिप्रेत असतात. वजनाचा तेथे प्रश्नच नसतो. वीस बोटांच्या माणसाला विसाचा गट सोयीचा वाटावा यात नवल नाही. आपल्याकडची जुनी माणसे साठ म्हणण्याऐवजी 'तीन विसा' म्हणत. इंग्रजीतही 'स्कोअर' या शब्दाचा जुना अर्थ वीस असाच आहे. काठीवर खाचा पाडून मोजणी ठेवत, त्या खाचेचे ते नाव. क्रिकेटचा स्कोअरही तोच शब्द.

थोडक्यात, डझन हे जसे वजन नाही तसेच खंडी हेही स्वयंपूर्ण वजन नाही. 'एक डझन' म्हटल्यावर आपण 'कशाचे?' असे विचारतो. 'एक खंडी' म्हटल्यावरही 'कशाची, कुठली?' हे विचारणे भाग होते.

घाटावरची आणि कोकणातली

कोल्हापूरहून रत्नागिरीकडे जाणारा रस्ता आंबा घाट उतरण्यापूर्वी शाहूवाडी तालुक्यातील मलकापूर गावातून जातो. विशाळगड जहागिरीचे हे मुख्य ठिकाण होते. मुलूख पावसाचा आणि भाताचा. अशा भागात धान्य तोलण्यापेक्षा मापून देण्याचीच रीत असते. मोल्सवर्थ यांच्या १८५७ च्या कोशातही खंडीचा अर्थ वजन आणि माप असा दुहेरी दिला आहे.

देशावर साधारणपणे चार शेरांची पायली, बारा पायल्यांचा मण आणि वीस मणांची खंडी असा हिशेब चाले. गोव्यात आणि लगतच्या कोकणात वीस कुडवांची खंडी. घाटाच्या वर आणि खाली शब्द तोच, वीसचा आकडाही तोच. पण खंडीच्या पोटातले माप निराळे. शिवाय मापाने दिलेली खंडी भाताची की तांदळाची, यावर तिचे वजन ठरणार. टरफलासकट असलेले भात तांदळापेक्षा हलके भरते, कारण दाण्यांमध्ये आणि टरफलांत हवा अधिक असते. आकारमान सारखे असले तरी वस्तुमान वेगळे. घनतेचा हा धडा बाजारात रोज गिरवला जात होता.

शिगेचे माप

याहून महत्त्वाची गोष्ट म्हणजे माप भरायचे कसे? काठावरून हात फिरवून सपाट, की वर रास चढेल तितके? मापावर चढणाऱ्या राशीच्या टोकाला 'शीग' म्हणतात. 'उत्साह शिगेला पोहोचला' असे आपण लिहितो ते याच शिगेवरून.

शिगेने किती फरक पडतो ते मोजता येते. माप वृत्तचितीच्या आकाराचे आहे आणि त्याची खोली तोंडाच्या त्रिज्येइतकी आहे असे समजा. कोरडे धान्य ओतल्यावर त्याची रास शंकूच्या आकाराची होते. तिचा उतार साधारण ३० अंशांचा धरू. मग शंकूची उंची त्रिज्येच्या ०.५७७ पट येईल. शंकूचे घनफळ तितक्याच पायाच्या व उंचीच्या वृत्तचितीच्या एक तृतीयांश असते. म्हणून शिगेतील धान्य मापातील धान्याच्या ०.५७७ भागिले ३, म्हणजे सुमारे ०.१९ पट, शंभराला एकोणीस!

आता असा व्यवहार डोळ्यांसमोर आणा. पेरणीच्या वेळी कुळाला सपाट मापाने खंडीभर भात उसने दिले आणि सुगीनंतर शिगेच्या मापाने खंडीभर परत घेतले. कागदावर दोन्हीकडे 'एक खंडी'. प्रत्यक्षात वीस मणांच्या बदल्यात जवळपास चोवीस मण गेले. व्याज याशिवाय. माप उथळ आणि रुंद तोंडाचे केले, खोली त्रिज्येच्या निम्मी ठेवली, तर हाच वाढावा शंभराला अडतीस होतो. हिशेबात कोठेही खोटा आकडा नाही, तरी दाणे एका घरातून दुसऱ्या घरात गेले. माप कोणाचे आणि ते कोण भरतो, हा प्रश्न म्हणूनच केवळ गणिताचा नव्हता.

बत्तीस मण, पण कोणते?

अशा शब्दांनी इतिहासाच्या अभ्यासकालाही जपून पावले टाकावी लागतात. सभासद बखरीत शिवछत्रपतींचे सिंहासन बत्तीस मण सोन्याचे असल्याचा उल्लेख आहे. मुंबईच्या २८ पौंडी मणाने हे सोने सुमारे ४०६ किलोग्रॅम होते. बंगालच्या सुमारे ८२ पौंडी मणाने ते ११९० किलोग्रॅमच्या वर जाते. जवळजवळ तिप्पट! हे दोन्ही मण इंग्रजी अमदानीत पौंडांत बसवलेले. १६७४ साली रायगडावर हेच चालत असतील असे धरता येत नाही. तेव्हा 'मण म्हणजे चाळीस किलो' असा पाढा म्हणून गुणाकार करणे म्हणजे उत्तर काढणे नव्हे. एकक कोणते हे ठरल्याशिवाय संख्येला अर्थ येत नाही. विज्ञानाच्या पेपरात एकक न लिहिल्यास गुण कापतात, त्यामागचे कारण हेच.

प्रमाण म्हणजे काय?

१९५६ साली संसदेने वजन-मापांच्या प्रमाणांचा कायदा केला. १९५८ पासून मेट्रिक वजने टप्प्याटप्प्याने आली आणि १९६२ पासून तीच सक्तीची झाली. शेर, मण, खंडी कायद्याच्या व्यवहारातून गेले. किलोग्रॅमची खूण पूर्वी पॅरिसजवळ जपून ठेवलेला प्लॅटिनम-इरिडियमचा एक ठोकळा होती. २० मे २०१९ पासून ती प्लांकच्या स्थिरांकावर आधारली आहे, म्हणजे आता ती कोणा एकाच्या तिजोरीत नाही. मलकापूरच्या दुकानातला किलोग्रॅम आणि पॅरिसचा किलोग्रॅम एकच, आणि तो तांदळाचा असो की कापसाचा, बदलत नाही.

कापूस बाजारातील कँडी मात्र टिकली, कारण तिच्यामागे ३५६ किलोग्रॅम ही ठाम संख्या बसवली गेली. आपल्या बोलण्यात 'खंडीभर कामे' आणि 'खंडीभर नातवंडे' उरली. तेथे मोजायचे नसतेच, त्यामुळे काही बिघडत नाही.

वर्गात करून पाहण्याजोगे: मुलांना घरातून निरनिराळ्या आकारांचे डबे आणायला सांगा. प्रत्येक डबा तांदळाने एकदा सपाट आणि एकदा शिगेने भरून तोला. शिगेने शेकडा किती वाढ झाली, आणि डब्याची त्रिज्या व खोली यांच्या गुणोत्तराशी तिचा काय संबंध दिसतो, याचा तक्ता करा. मग भात आणि तांदूळ एकाच मापाने भरून तोला. शेवटी एक प्रश्न विचारा: तुम्हाला धान्य उसने घ्यायचे असेल, तर सावकाराच्या घरी जाताना यांपैकी कोणता डबा बरोबर न्याल?