पिर्क्स
पिर्क्स : विख्यात पोलिश विज्ञानकथाकार स्तानिस्लाव लेम (१९२१–२००६) याने निर्माण केलेले अवकाश-नाविकाचे काल्पनिक पात्र. ते ‘पायलट पिर्क्स’ या नावाने ओळखले जाते. पिर्क्सवरील पहिल्या कथा १९५९ मध्ये प्रसिद्ध झाल्या. पुढे त्या इतर कथांसह १९६८ मध्ये एका स्वतंत्र संग्रहात एकत्रित करण्यात आल्या. ‘अनांके’ ही त्याच्यावरील अखेरची कथा १९७१ मधील आहे. त्यांची इंग्रजी भाषांतरे १९७९ व १९८२ मध्ये दोन खंडांत निघाली.

कथांतून पिर्क्सचे जीवन क्रमाक्रमाने उलगडत जाते. प्रथम तो नाविक-विद्यालयातील स्वप्नाळू, काहीसा बावळट विद्यार्थी असतो. पुढे तो गस्ती यानाचा चालक, मालवाहू जहाजाचा अधिकारी व शेवटी अनुभवी कप्तान होतो. रूढ साहसकथांतील नायकाचे असामान्य शौर्य वा तीक्ष्ण बुद्धी त्याच्यापाशी नाही. शंका घेण्याची वृत्ती, चिकाटी आणि आपल्या चुकीची जाणीव हेच त्याचे भांडवल. ‘चाचणी’ या कथेत एका माशीमुळे यानाच्या विद्युत् मंडलात बिघाड होतो व चंद्रावर आदळण्याचे संकट ओढवते. पिर्क्स त्यातून कसाबसा निभावतो. हा सर्व प्रवास भूमीवरच घडविलेला एक आभास होता, हे त्याला मागाहून कळते. वर्गातील हुशार विद्यार्थी मात्र त्याच परीक्षेत अपयशी ठरतो. ‘गस्त’ या कथेत पडद्यावर दिसणाऱ्या प्रकाशबिंदूचा पाठलाग करताना तो मृत्यूच्या दारी पोहोचतो. तो बिंदू अवकाशात नसून उपकरणाच्या दोषातून उद्‌भवलेला असतो.

उपकरण जे दाखविते व प्रत्यक्षात जे असते, त्यांतील अंतर ओळखणे हे नाविकाचे खरे काम होय, हे या कथांचे मुख्य सूत्र आहे. ‘अनांके’ मध्ये त्याला नकाशाशास्त्राच्या इतिहासाची जोड मिळते. मंगळावर उतरताना एक प्रचंड यान कोसळते. चौकशीच्या काळात पिर्क्स मंगळाच्या जुन्या नकाशांचा विचार करतो. इटालियन ज्योतिर्विद स्क्यापारेल्ली याने १८७७ पासून मंगळावर रेषांचे जाळे रेखाटले. अमेरिकन ज्योतिर्विद लोएल याने ते बुद्धिमान जीवांनी खोदलेले कालवे असल्याचे प्रतिपादन केले. मरिनर–४ (१९६५) व मरिनर–९ (१९७१-७२) या यानांनी पाठविलेल्या छायाचित्रांत असे कालवे आढळले नाहीत. निरीक्षकाच्या मनातील आकृती जशी नकाशावर उमटली, तशीच यानाच्या संगणकाला शिकविणाऱ्या माणसाची विकृत अतिदक्षता त्या यंत्रात उतरली होती. पुनःपुन्हा तपासणी करण्याच्या भाराखाली संगणक निर्णायक क्षणी निकामी होतो. हे कारण पिर्क्स ओळखतो. मात्र सत्य उघड करण्याची किंमत एका माणसाच्या प्राणाने मोजली जाते आणि नायकाच्या यशाला विषादाची छटा येते.

‘चौकशी’ या कथेत पिर्क्सच्या यानावर माणसांबरोबर हुबेहूब माणसासारखे यंत्रमानव काम करीत असतात. त्यांपैकी एक जण शनीच्या कड्यांमधील कॅसिनी विभाजनाजवळ माणसांचा घात करू पाहतो. पिर्क्स ऐनवेळी आज्ञा न देता संभ्रमित होऊन स्तब्ध राहतो आणि माणसाच्या वर्तनाविषयी यंत्राने बांधलेला अंदाज फसतो. अनिश्चितता ही माणसाची उणीव असली, तरी काही प्रसंगी तीच त्याचे रक्षण करते, असे लेमने येथे सूचित केले आहे. तथापि हा यंत्रद्वेष नव्हे. ‘टर्मिनस’ मधील जीर्ण यंत्रमानव मृत खलाशांचे अखेरचे संदेश नकळत ठोके देत उमटवीत राहतो. त्याच्याविषयी पिर्क्सला भीतीबरोबर अनुकंपाही वाटते. निर्वात नलिका, कागदी नोंदवह्या यांसारखे तपशील आज कालबाह्य वाटतात व स्त्रीपात्रांचा अभाव जाणवतो. संगणकावर किती विसंबावे हा प्रश्न मात्र अधिकच निकडीचा झाला आहे.

लेमच्या ‘फियास्को’ (जर्मन आवृत्ती १९८६, पोलिश १९८७) या कादंबरीत पिर्क्स शनीचा उपग्रह टायटन येथे नाहीसा होतो. त्याच्या शोधार्थ गेलेला पार्विसही तेथेच अडकतो. दीर्घ काळानंतर गोठलेल्या देहांपैकी एकाला पुनरुज्जीवित केले जाते. तो या दोघांपैकी कोण, हे लेमने निश्चितपणे सांगितलेले नाही. ‘चौकशी’ वर आधारलेला, मारेक प्येस्त्राक दिग्दर्शित पोलिश-सोव्हिएट चित्रपट १९७९ मध्ये प्रदर्शित झाला.

न्यू होरायझन्स हे अवकाशयान १४ जुलै २०१५ रोजी प्लूटो व त्याचा उपग्रह शेरॉन यांच्याजवळून गेले. त्याने पाठविलेल्या प्रतिमांवरून शेरॉनचा तपशीलवार नकाशा तयार झाला. आंतरराष्ट्रीय ज्योतिषशास्त्रीय संघटनेने २०१८ मध्ये तेथील एका विवरास पिर्क्सचे नाव दिले. त्याच नकाशावर नेमो, सिंदबादसारखाच दर्यावर्दी असलेला रशियन लोककथांतील सादको आणि आपल्या पुराणांतील रेवती यांच्या नावांची विवरे आहेत. पित्यासह ब्रह्मलोकी जाऊन परतेपर्यंत पृथ्वीवर युगे लोटली, अशी रेवतीची कथा आहे. जुन्या नकाशांतील भ्रम ओळखणाऱ्या काल्पनिक नाविकाला अशा रीतीने एका खऱ्या नकाशावर कायमचे स्थान लाभले.