चित्रफितीतील बाबासाहेब

परमपूज्य डॉ. बाबासाहेब आंबेडकरांची प्रतिमा आपल्या घरोघरी आहे. पण ते बोलत कसे, असे विद्यार्थ्यांना विचारले तर बहुतेक जण एखाद्या मालिकेतील नटाचे वर्णन करतात. दोष त्यांचा नाही. बाबासाहेबांचे महापरिनिर्वाण ६ डिसेंबर १९५६ रोजी झाले. दिल्लीत दूरचित्रवाणी आली ती १९५९ साली आणि मुंबईत १९७२ साली. तेव्हा भारतीय दूरचित्रवाणीला बाबासाहेबांची मुलाखत घेणे शक्यच नव्हते. जे थोडे ध्वनिमुद्रण व चित्रण उरले आहे, त्यातील मोलाचा भाग बी.बी.सी.चा होय.

१९५३ सालची मुलाखत आज मोबाईलवरही पाहता येते. भारतात लोकशाही चालेल काय, या प्रश्नाला बाबासाहेब स्पष्ट नकार देतात. आवाज चढवत नाहीत, हातवारे नाहीत. ती केवळ नावापुरती राहील, असे ते म्हणतात. निवडणुकीतून चांगली माणसे निपजत नसतील, तर निवडणुकीला फारसे महत्त्व नाही. येथील समाजरचना संसदीय लोकशाहीशी जुळणारी नाही, हे त्यांचे मुख्य कारण. २५ नोव्हेंबर १९४९ रोजी संविधान सभेत त्यांनी राजकीय समता व सामाजिक विषमता यांतील विसंगतीचा इशारा दिला होता, त्याचाच हा पुढचा भाग.

मग पर्याय कोणता? बाबासाहेब एका तऱ्हेच्या साम्यवादाचे नाव घेतात. नेमका एवढाच तुकडा कापून फिरवला जातो! ज्याला जे हवे ते त्याने घ्यावे, अशी ही सोय झाली आहे. परंतु २० नोव्हेंबर १९५६ रोजी काठमांडूच्या जागतिक बौद्ध परिषदेत त्यांनी बुद्ध आणि मार्क्स यांची तुलना केली आणि हिंसा व हुकूमशाहीचा मार्ग नाकारून बुद्धाचा मार्ग निवडला. काठमांडूचे भाषण न वाचता १९५३ ची चित्रफीत पाहणारा अर्धेच बाबासाहेब पाहतो.

१९५५ साली बी.बी.सी.साठी त्यांनी गांधीजींविषयी सांगितले, ते केवळ आवाजात आहे. गांधीजींच्या इंग्रजी व गुजराती लेखनात दोन निरनिराळ्या भूमिका दिसतात, तेव्हा दोन्ही पत्रे शेजारी ठेवून वाचा, असा त्यांचा आग्रह आहे. मत कडवट वाटले तरी पुरावा तपासण्याची वाट ते श्रोत्याला दाखवतात.

चित्रपट व मालिकांनी आपले काम केले आहेच. जब्बार पटेलांच्या चित्रपटात मामुट्टी, श्याम बेनेगलांच्या २०१४ च्या 'संविधान' मालिकेत सचिन खेडेकर यांनी बाबासाहेब साकारले. पण त्यांतले संवाद लेखकाने बेतलेले आणि आवाज नटाचा असतो.

३ ऑक्टोबर १९५४ रोजी आकाशवाणीवरून त्यांनी आपले जीवनविषयक तत्त्वज्ञान सांगितले. स्वातंत्र्य, समता व बंधुता ही तत्त्वे आपण फ्रेंच राज्यक्रांतीकडून नव्हे, तर भगवान बुद्धाच्या शिकवणुकीतून घेतली, असे त्यात आहे. भाषण इंग्रजीत असले तरी वाक्ये छोटी आहेत; दहावीच्या विद्यार्थ्याला शब्दकोश जवळ ठेवून ते एका बैठकीत वाचता येते.