लढलेल्यांनीच सांगावं

लढाई पाहिलेला माणूस आठवणी सांगू लागला, की आपण पराक्रम ऐकायला कान टवकारतो. त्यात गैर काहीच नाही. पण त्याच आठवणी तुटलेली मनं सांधायच्या कामीही येतात, हे आपल्या सहसा ध्यानात येत नाही.

उरणच्या द्रोणागिरी डोंगराजवळच्या करंजा बंदरातून लाँचने रेवसला उतरलं, की अलिबाग तालुका लागतो. या तालुक्यातल्या भायमळा गावी अ‍ॅडमिरल लक्ष्मीनारायण रामदास निवृत्तीनंतर स्थायिक झाले. १९७१च्या युद्धात ते 'बियास' या युद्धनौकेचे कप्तान होते. पूर्व पाकिस्तानची समुद्रात नाकेबंदी करणाऱ्या ताफ्यात ही नौका होती. या युद्धातल्या कामगिरीबद्दल त्यांना वीरचक्र मिळालं. १९९० ते १९९३ ते नौदलप्रमुख होते. आणि हाच माणूस पुढे पाकिस्तानातल्या लोकांशी संवाद हवा, म्हणून झटू लागला! १९९९मध्ये कारगिल घडलं, तरी त्यांनी हे काम सोडलं नाही. २००४मध्ये त्यांना आणि पाकिस्तानी पत्रकार आय. ए. रहमान यांना मिळून मॅगसेसे पुरस्कार देण्यात आला. मार्च २०२४मध्ये रामदास गेले.

शांततेची भाषा इतर कुणी केली, तर 'तुम्हाला युद्ध काय ठाऊक?' असं विचारता येतं. रामदासांना ते कोण विचारणार?

आठवण सांगणं सोपं मात्र नसतं. पुण्यात जन्मलेले सेकंड लेफ्टनंट अरुण खेत्रपाल १६ डिसेंबर १९७१ रोजी बसंतरच्या रणगाडा लढाईत धारातीर्थी पडले. वय अवघं एकवीस. त्यांना मरणोत्तर परमवीरचक्र मिळालं. २००१मध्ये त्यांचे वडील, निवृत्त ब्रिगेडियर एम. एल. खेत्रपाल, आपलं जन्मगाव सरगोधा पाहायला पाकिस्तानात गेले. लाहोरला ब्रिगेडियर ख्वाजा मोहम्मद नासेर यांनी त्यांचं मोठ्या अगत्याने आदरातिथ्य केलं. निघायच्या आदल्या रात्री नासेर यांनी मन मोकळं केलं. अरुण यांच्यासमोर त्या दिवशी तेच लढत होते. अरुण त्यांच्याच हातून मारले गेले होते. अरुण यांच्या शौर्याचं त्यांनी तोंड भरून कौतुक केलं. 

यात कुणी आपला देश सोडला नाही, की हुतात्म्याचं मोल कमी केलं नाही. उलट मुलगा शेवटच्या क्षणी कसा लढला, हे बापाला समोरच्याच्या तोंडून कळलं. ते दुसरं कोण सांगणार होतं?

अशा आठवणींनी सीमेचे तंटे मिटत नाहीत. ते काम सरकारांचं. पण पलीकडेही कुणाचा तरी मुलगा होता, एवढं मनात उतरलं, तर द्वेषाची धार बोथट होते. आपल्या गावात निवृत्त जवान असेल, तर त्याच्यापाशी जरूर बसा. तुम्ही किती मारले, एवढंच विचारू नका. समोरचे कसे होते, हेही विचारा.