प्रभातच्या फाटकावरची हिरॉईन

‘कुंकू’मधली बंडखोर नीरा अनेकांना आठवते. पण शांता आपटेने खरा पंगा घेतला तो पडद्याबाहेर... थेट आपल्याच कंपनीशी!

ऑफर लेटर हातात पडलं की आपण आधी काय बघतो? अर्थात आकडा! बॉण्ड किती वर्षांचा, बाहेरचं काम घेता येईल का, नोटीस पीरियड किती, या बारीक टायपातल्या ओळी वाचायच्या राहूनच जातात. आणि पुढे कधी वाजलंच, तर ‘जाऊ दे, मोठ्या लोकांशी कोण भांडणार’ म्हणत आपण गप्प बसतो.

शांता आपटे गप्प बसली नाही. आणि तेव्हा साल होतं १९३९!

पगारी स्टार

त्या काळी सिनेमावाले आजच्यासारखे फ्रीलान्स नव्हते. मोठ्या स्टुडिओत नट-नट्या चक्क नोकरीला असायच्या. करार, महिन्याचा पगार आणि कंपनी सांगेल ते काम. पोस्टरवर नाव कितीही मोठं असलं तरी महिनाअखेरीस वाट बघायची ती पगाराचीच.

१९१६ साली सोलापूरकडच्या दुधनीत जन्मलेली शांता पंढरपुरात गाणं शिकली. १९३२ मध्ये भालजी पेंढारकरांच्या ‘श्यामसुंदर’मध्ये ती राधा झाली, शाहू मोडक कृष्ण. सिनेमा दणक्यात चालला. मग तिला ‘प्रभात’ने घेतलं. ही कंपनी १९३३ मध्ये कोल्हापूरहून पुण्यात आली होती आणि देशातल्या सगळ्यात नावाजलेल्या स्टुडिओंपैकी एक होती. ‘अमृतमंथन’ (१९३४), ‘अमरज्योती’ (१९३६)... शांताचा ग्राफ वरच चालला होता.

तिचं वेगळेपण काय? तोवर गाणं सुरू झालं की कलाकार बहुधा कॅमेऱ्यासमोर खांबासारखा उभा राहून गायचा. शांता गाताना डोळ्यांनी बोलायची, तालाबरोबर तिचे हात हलायचे. गाणं हासुद्धा अभिनयच असतो, हे तिने दाखवून दिलं.

नीरा नावाचं वादळ

१९३७ मध्ये आला व्ही. शांतारामांचा ‘कुंकू’, हिंदीत ‘दुनिया न माने’. कथा ना. ह. आपट्यांच्या ‘न पटणारी गोष्ट’ या कादंबरीवरची. मामा नीराचं लग्न म्हाताऱ्या विधुर काकासाहेबांशी लावून देतो. या भूमिकेत होते केशवराव दाते. नीरा रडत बसत नाही. हे लग्न मला मान्य नाही, असं ती ठणकावते आणि नवऱ्याला जवळही येऊ देत नाही. अंगचटीला येणाऱ्या सावत्र मुलाला तर ती छडीने फोडून काढते! याच सिनेमात तिने लाँगफेलोची इंग्रजी कविताही गायली आहे. सिनेमाला पार्श्वसंगीत नाही. घड्याळाची टिकटिक, घरातले आवाज यांच्यावरच सगळा ताण पेललाय. आज बघतानाही नीराची नजर अंगावर येते.

आणि मग... उपोषण

१९३९ मध्ये करारावरून शांता आणि प्रभात यांच्यात बिनसलं. ती सरळ स्टुडिओच्या फाटकाशी जाऊन बसली. उपोषणाला! याच वर्षी मार्चमध्ये गांधीजींनी राजकोटमध्ये उपोषण केलं होतं. तेच हत्यार एका नटीने आपल्या नोकरीच्या भांडणात उपसलं. अख्ख्या देशात त्याची चर्चा झाली. त्यानंतर मात्र प्रभातच्या पडद्यावर ती पुन्हा दिसली नाही.

पण ती गप्पही बसली नाही. १९४० मध्ये तिचं ‘जाऊ मी सिनेमात?’ हे पुस्तक आलं. नावावरून गोड आठवणी असतील असं वाटतं ना? पण यातला सिनेमा म्हणजे काम आहे. राबणं, दमणं, आणि त्या राबण्यावर दुसऱ्याने कमावणं. ग्लॅमरच्या धंद्याकडे तेव्हा असं बघणारे किती जण होते?

किंमत मोजली का?

मोजली. पुढेही ती काम करत राहिली. १९४१ मध्ये तमिळ ‘सावित्री’त ती सावित्री झाली, तर नारदाच्या भूमिकेत होत्या एम. एस. सुब्बुलक्ष्मी. लाहोर, मुंबई असे सिनेमे होत राहिले. पण ‘कुंकू’च्या तोडीचं काम पुन्हा हाती आलं नाही. प्रभातसारखी टीम रोज मिळत नसते. २४ फेब्रुवारी १९६४ ला मुंबईत ती गेली, तेव्हा तिने पन्नाशीही गाठली नव्हती.

म्हणून तिचं भांडण वाया गेलं का? हिशोब करायचा तर एकच बाजू बघून चालणार नाही. कंपनी कितीही मोठी, कितीही आवडती असली, तरी करार दोन्ही बाजूंना पाळायचा असतो, हे तिने सगळ्यांसमोर सांगितलं. तेही बायकांनी सिनेमात जावं की नाही यावरच घरोघरी वाद चालू असताना.

पुण्यात लॉ कॉलेज रोडवर प्रभातच्या त्याच आवारात आता फिल्म इन्स्टिट्यूट आहे. पुढच्या वेळी तिथून जाताना त्या फाटकाकडे जरा नीट बघा. आणि या वीकेंडला जमलं तर ‘कुंकू’ बघाच. पण सोमवारी ऑफिसला गेलात की आधी एक काम करा. स्वतःचं ऑफर लेटर काढा आणि पहिल्यापासून शेवटपर्यंत वाचा!