औषधाच्या चमच्याचे त्रैराशिक

बारा मजूर एक विहीर आठ दिवसांत खणतात, तर सोळा मजूर तीच विहीर किती दिवसांत खणतील? शाळेत हे उदाहरण सोडविले नाही असा वाचक विरळाच. मजूर वाढले की दिवस कमी होतात, म्हणून हे व्यस्त प्रमाण. उत्तर सहा दिवस. आणि पाच वह्यांना साठ रुपये पडतात तर आठ वह्यांना शहाण्णव, हे सम प्रमाण. परीक्षा संपली की आपण हे विसरून जातो. परंतु घरात लहान मूल असेल तर ते विसरून चालत नाही.

गेल्या पावसाळ्यात रात्री नऊच्या सुमारास, मी दवाखाना बंद करण्याच्या बेतात असताना एक जोडपे आजीसह आले. सव्वा वर्षाचा मुलगा, वजन १० किलो. तापासाठी त्याला पॅरासिटामॉलचे पातळ औषध पाच मिली प्रमाणे चालू होते. बाटली संपली म्हणून वडिलांनी दुकानातून 'तेच औषध' आणले आणि जुन्या बाटलीच्या टोपणाने पाच मिली पाजले. शंका आली ती आजींना. "डॉक्टर, बाटली एवढीशी आणि आत थेंबांची नळी. मग टोपणभर कसं पाजायचं?" त्या म्हणाल्या.

आजींचे अगदी बरोबर होते. औषध तेच, पण तीव्रता वेगळी. पॅरासिटामॉलच्या साध्या बाटलीवर बहुधा '५ मिलीमध्ये १२५ मिलिग्रॅम' असे छापलेले असते. दुसरी बाटली '५ मिलीमध्ये २५० मिलिग्रॅम'ची मिळते. आणि तान्ह्या मुलांसाठीचे थेंब असतात ते '१ मिलीमध्ये १०० मिलिग्रॅम', म्हणजे पाच मिलीत ५००! थेंब लहान बाळांचे, म्हणून ते सौम्य असणार, असा बहुतेकांचा समज असतो. प्रत्यक्षात ते सर्वांत तीव्र असतात, कारण बाळाला थोडक्यात पाजता यावे.

आता हिशेब पाहा. मुलाला एका वेळी किलोमागे १० ते १५ मिलिग्रॅम पॅरासिटामॉल लागते. वजन वाढले की मात्रा वाढते, हे सम प्रमाण. १० किलोच्या मुलाला जास्तीत जास्त १५० मिलिग्रॅम. ही मात्रा ठरली की पुढे व्यस्त प्रमाण सुरू होते: औषध जितके तीव्र, तितके माप कमी. साध्या बाटलीतून ६ मिली, दुप्पट तीव्रतेच्या बाटलीतून निम्मे म्हणजे ३ मिली, आणि चौपट तीव्रतेच्या थेंबांतून फक्त दीड मिली. त्या मुलाच्या पोटात ५०० मिलिग्रॅम गेले होते.

सुदैवाने मात्रा एकच होती. तेवढ्याने सुदृढ मुलाचे यकृत सहसा बिघडत नाही. मी पुढील चोवीस तास पॅरासिटामॉल बंद ठेवले, कोमट पाण्याने अंग पुसायला सांगितले, आणि सकाळी पुन्हा बोलावले. मूल खेळत आले. हेच माप दिवसातून चार वेळा दोन दिवस चालले असते तर मात्र प्रकरण यकृतावर बेतले असते, आणि यकृताची इजा पहिल्या दिवशी दिसतही नाही. म्हणून असे घडल्यास 'मूल तर बरे दिसते' म्हणून घरी थांबू नये. बाटली बरोबर घेऊन लगेच डॉक्टरांकडे जावे.

येथे गणिताच्या मास्तरांना न पटणारी एक गोष्ट. ताप जास्त म्हणून मात्रा जास्त, असे प्रमाण वैद्यकात नाही. १०१ ताप असो वा १०३, मात्रा वजनावरच ठरते. दोन मात्रांत किमान चार ते सहा तास जावेत, आणि दिवसात चारपेक्षा जास्त मात्रा नकोत. शिवाय वजनाचे सम प्रमाणही एका टप्प्यापर्यंतच; ऐंशी किलोच्या गृहस्थांनी किलोमागे पंधराचा हिशेब करून एका वेळी दोनपेक्षा जास्त पाचशेच्या गोळ्या घेऊ नयेत. तीन महिन्यांखालील बाळाला ताप आला तर हिशेब करत बसूच नये, दाखवायला आणावे. आणि माप बाटलीबरोबर आलेल्या टोपणाचे किंवा नळीचेच घ्यावे. स्वयंपाकघरातले चमचे प्रत्येक घरी निराळे!

जुलाबाच्या पावडरीतही हीच चूक वारंवार पाहतो. मोठे पाकीट एक लिटर पाण्याचे असते. मूल एवढे पाणी पिणार नाही म्हणून आया ते पेल्याभर पाण्यात, म्हणजे सुमारे २०० मिलीत, कालवतात. पाणी पाचपट कमी, तर क्षार पाचपट तीव्र. असे पाणी शरीराला पाणी देण्याऐवजी आतड्यात ओढून घेते, जुलाब वाढतात, आणि रक्तातील मीठ वाढून मूल झटके देऊ शकते. पाकिटाचे पाच भाग करण्याच्याही भानगडीत पडू नये, भाग सारखे होत नाहीत. २०० मिलीचे लहान पाकीट दुकानात मिळते. नाहीतर मोठे पाकीट पूर्ण लिटरभर उकळून गार केलेल्या पाण्यात एकदम कालवावे, चमच्या-चमच्याने पाजत राहावे, आणि चोवीस तासांनी उरलेले टाकून द्यावे.