मागच्या चाकांचंही ऐका!

जुलै महिना. ताम्हिणी घाट. समोरचं दिसणार नाही इतकं धुकं. टपरीवर चहा सांगितला होता, कणसं भाजायला टाकली होती. गाडी उतारावर लावलेली, हॅण्डब्रेक पार वरपर्यंत ओढलेला. आम्ही तिघं बाहेर, एक मैत्रीण मागच्या सीटवर मोबाइलची रेंज शोधत बसलेली.

आणि गाडी हलली.

आधी वाटलं, धुक्यामुळे भास होतोय. मग मैत्रिणीची किंकाळी ऐकू आली. पुढे चार हातांवर टपरीचं बाकडं, त्यावर बसलेले दोन आजोबा. आमच्यातला एक जण धावत सुटला, दार उघडून आत घुसला आणि त्याने पायाने ब्रेक दाबला. गाडी थांबली. आजोबांनी चहाचा ग्लास खाली ठेवला, आमच्याकडे बघितलं आणि एवढंच म्हणाले, ‘‘पोरांनो, गिअरमध्ये टाकत नाही का?’’

ती गाडी माझी होती. दोन वर्षं साठवलेले पैसे, वर बाबांकडून घेतलेले उसने, असं करून घेतलेली सेकंडहॅण्ड हॅचबॅक. घेताना मी काय काय बघितलं होतं सांगू? म्युझिक सिस्टीम, अलॉय व्हील्स, सनरूफ नाही याचं दुःख आणि ‘चारही चाकांना डिस्क ब्रेक’ हा जाहिरातीतला शब्द. त्या डिस्क कशा अवस्थेत आहेत, हे मात्र वाकून बघितलं नव्हतं.

तुम्हीही पहिली गाडी घ्यायच्या बेतात असाल, किंवा घरची गाडी घेऊन यंदाच्या पावसाळ्यात कुठल्यातरी घाटात जाणार असाल, तर हे पाच मिनिटं वाचाच.

मागच्या ब्रेकचं काम काय?

ब्रेक दाबला की आपण पुढे झुकतो, बरोबर? गाडीचंही तसंच होतं. तिचं वजन पुढच्या चाकांवर येतं. म्हणून थांबवण्याचं बरंचसं काम पुढचे ब्रेक करतात आणि मागच्यांच्या वाट्याला साधारण पाव हिस्सा येतो. त्यामुळे मागची डिस्क पुढच्यापेक्षा लहान आणि पातळ असते. पुढची डिस्क बहुतेक वेळा दोन पत्र्यांच्या मधून हवा खेळावी अशी पोकळ असते, तर मागची सरळ एकसंध प्लेट असते.

आपल्याकडच्या बहुतेक छोट्या गाड्यांना मागे डिस्क नसते, ड्रम असतो. मारुतीच्या २०१७च्या बलेनो आरएसला किंवा ह्युंदाईच्या आय-ट्वेंटी एन लाइनला चारही डिस्क मिळाल्या, त्या गाड्यांची ओळखच ‘स्पोर्टी’ अशी होती. डिस्कची ही हवा जुनी आहे. १९५३ साली ल मांच्या चोवीस तासांच्या शर्यतीत डनलॉपचे डिस्क ब्रेक लावलेली जॅग्वार सी-टाइप जिंकली आणि सगळ्या जगाला कळलं की वेगाने पळणाऱ्याला उशिरापर्यंत पळून मग नीट थांबताही येतं.

पण मागच्या डिस्कची एक गोची आहे. तिला काम कमी, म्हणून ती पुढच्यासारखी सतत घासून स्वच्छ होत नाही. गाडी पावसात उभी राहिली, समुद्राजवळच्या खाऱ्या हवेत राहिली, की आधी मागची डिस्क गंजते. माझ्या गाडीचं नेमकं हेच झालं होतं. आधीच्या मालकाने ती अख्खा पावसाळा उघड्यावर ठेवली होती.

गॅरेजमध्ये काय दिसलं?

दुसऱ्या दिवशी गॅरेजवाल्या काकांनी मागचं चाक काढलं. बाहेरून डिस्क बऱ्यापैकी चकचकीत होती. काकांनी टॉर्च आतल्या बाजूला धरला. तिथे अर्धी प्लेट तांबूस, खडबडीत, पापुद्रे सुटलेली. ब्रेकपॅड फक्त बोटभर पट्ट्यावर टेकत होते. कॅलिपरवरचा हॅण्डब्रेकचा दांडा गंजून अर्धवटच फिरत होता. म्हणजे आत बसून मी हॅण्डब्रेक कितीही ओढला, तरी चाकाला त्याचा पुरता पत्ताच लागत नव्हता.

‘‘पायाचा ब्रेक लागत होता म्हणून तुला कळलं नाही,’’ काका म्हणाले. ‘‘पुढचे दोघं सांभाळून घेत होते. घरातसुद्धा असंच असतं, एक जण काम करत नाही ते दुसरा आजारी पडल्यावर कळतं.’’

तुमच्या गाडीचं कसं ओळखाल?

गाडी थंड असताना अलॉयच्या फटींतून टॉर्च मारा. पावसानंतर डिस्कवर केशरी रंगाचा पातळ थर दिसला तर घाबरू नका, चार ब्रेक मारले की तो निघून जातो. काळजी करायची ती अशा खुणांची: डिस्कच्या कडेला नखाला अडेल असा उंचवटा, गोल गोल खोल चरे, न जाणारे गंजाचे पट्टे, जळल्यासारखे निळे डाग आणि कुठलीही भेग. भेग दिसली तर गाडी चालवतसुद्धा नेऊ नका.

आवाज ऐका. ब्रेक दाबताना लोखंडावर लोखंड घासल्यासारखा खर्र आवाज आला तर पॅड संपलेत असं समजा. थरथर कुठे जाणवते तेही बघा. स्टिअरिंग थरथरलं तर संशय पुढच्या चाकांवर, सीट आणि जमीन थरथरली तर बऱ्याचदा मागच्यांवर. फेरफटका मारून आल्यावर एकाच चाकापाशी जास्त धग किंवा जळका वास आला, तर तिथला कॅलिपर अडकलेला असू शकतो. हात लावून बघू नका, भाजेल.

शेवटचा निकाल मात्र मापाने लागतो. डिस्कच्या मधल्या टोपीवर किंवा कडेला ‘मिनिमम थिकनेस’ कोरलेला असतो. नवी असताना दहा मिलिमीटर असलेली प्लेट आठ-साडेआठवर आली की तिची सेवा संपली, असा साधारण हिशोब असतो. नेमका आकडा तुमच्या गाडीवर लिहिलेला असेल तोच खरा. मोजायला मायक्रोमीटर हवा. साधा व्हर्निअर कडेच्या उंचवट्यावर टेकतो आणि डिस्क आहे त्यापेक्षा जाड दाखवतो. पॅडवरचा घासला जाणारा थर तीन मिलिमीटरच्या आसपास आला की तेही बदलायचे.

‘लेथवर घासून घेऊ, स्वस्तात होईल,’ असं कुणी सुचवलं तर एकच प्रश्न विचारा: घासल्यावर जाडी किती उरेल? मागची डिस्क मुळातच पातळ असते. पातळ डिस्क लवकर तापते आणि तापलेला ब्रेक घाटात दगा देतो. ताशी ४० ऐवजी ८०च्या वेगाने जाणारी गाडी थांबवताना उष्णता दुप्पट नाही, चौपट तयार होते. बारावीचं फिजिक्स आठवा!

कुठली डिस्क घ्यायची?

नाना पेठेत गेलात की काउंटरवर तुमच्यासमोर चार खोकी येतील. ओरिजिनल, नावाजलेल्या ब्रेक कंपनीची, लोकल आणि ‘ओरिजिनलसारखीच, टेन्शन नको’. या चौथ्या खोक्याचंच टेन्शन घ्यायचं.

गाडीचं नुसतं नाव सांगून भागत नाही. एकाच मॉडेलमध्ये वर्ष आणि व्हेरिएंटनुसार डिस्क बदलते. आरसी बुकावरचा चासी नंबर घेऊन जा आणि त्यावरून पार्ट नंबर काढून घ्या. मग जुन्या प्लेटशी नवी ताडून बघा: व्यास, जाडी, टोपीची उंची, नटांची भोकं आणि मधलं भोक. यातलं एक जरी माप चुकलं, तर डिस्क बसणारच नाही किंवा बसली तरी नीट बसणार नाही. काही युरोपियन गाड्यांत मागच्या डिस्कमध्येच बेअरिंग आणि एबीएसची रिंग असते, तिथे तर नुसती प्लेट घेऊन चालतच नाही.

भोकं पाडलेली, चरे मारलेली डिस्क दिसते भारी, इन्स्टावर तर फारच. पण कॉलेज, क्लास आणि महिन्यातून एखादा घाट एवढंच करणाऱ्या गाडीला साधी, गुळगुळीत, योग्य मापाची डिस्क पुरते. वाचलेल्या पैशांत चांगले पॅड घ्या. डिस्क नेहमी जोडीनेच बदला, डावी-उजवी एकदम, आणि सोबत पॅडही नवेच. जुने पॅड जुन्या चऱ्यांप्रमाणे झिजलेले असतात, ते नव्या डिस्कवर नीट टेकत नाहीत.

आणि मागे ड्रम असेल तर? मग ड्रमच ठेवा. ड्रम काढून डिस्क बसवायचा जुगाड सुचवणारे भेटतील. पण कंपनीने पुढच्या-मागच्या ब्रेकचा तोल, एबीएस आणि हॅण्डब्रेक हे सगळं एकमेकांशी जुळवून दिलेलं असतं. तो तोल बिघडला आणि ओल्या रस्त्यावर मागची चाकं आधी लॉक झाली, तर गाडी गर्रकन फिरते. शिवाय गाडीच्या मूळ रचनेत बदल करायला कायद्याने मर्यादा घातल्या आहेत. ड्रमवर लाल कव्हर चिकटवून डिस्कचा आव आणायचा असेल तर खुशाल आणा, गाडी त्याने लवकर थांबणार नाही एवढं लक्षात ठेवा.

बदलताना शेजारी उभे राहा

हे काम पहिल्यांदाच स्वतः, एकट्याने करू नका. जाणकाराकडून करून घ्या; पण शेजारी उभे राहा आणि बघा.

मागचे ब्रेक काढताना हॅण्डब्रेक सोडावा लागतो. म्हणजे गाडी धरून ठेवणारं एक साधन आधीच गेलं. म्हणून पुढच्या चाकांना दोन्ही बाजूंनी ठोकळे, गाडी गिअरमध्ये आणि जॅकच्या जोडीला भक्कम स्टॅण्ड. नुसत्या जॅकवर उभ्या गाडीखाली कुणी शिरत असेल तर त्याला हात धरून बाहेर काढा. लाज नको.

कॅलिपर काढला की तो ब्रेकच्या नळीला लोंबकळत ठेवायचा नाही, तारेने वर बांधायचा. ब्रेकची धूळ तोंडाने किंवा हवेने उडवायची नाही, ती छातीत जाते. डिस्क बसते त्या हबवरचा गंज तारेच्या ब्रशने साफ करायचा, नाहीतर नवी प्लेट किंचित तिरकी बसते आणि काही दिवसांत थरथर सुरू होते. नव्या डिस्कवर गंज लागू नये म्हणून तेल लावलेलं असतं, ते ब्रेक क्लीनरने पुसायचं. कॅलिपरच्या पिना मोकळ्या सरकतात का तेही बघायचं. त्या अडकलेल्याच ठेवल्या तर नवी डिस्कही जुन्याच वाटेने जाणार.

आता सगळ्यात महत्त्वाची गोष्ट. ज्या गाड्यांत हॅण्डब्रेक मागच्या कॅलिपरमध्येच असतो, तिथे पिस्टन बहुधा नुसता दाबून आत जात नाही, तो फिरवत फिरवत आत घ्यावा लागतो. त्यासाठी वेगळं टूल असतं. क्लॅम्प लावून जोर केला तर आतली यंत्रणा तुटते आणि डिस्कसोबत कॅलिपरचाही खर्च पडतो. बटणाचा इलेक्ट्रॉनिक पार्किंग ब्रेक असेल तर आधी स्कॅनर लावून तो सर्व्हिस मोडवर न्यावा लागतो. गॅरेज निवडताना हा एकच प्रश्न विचारा: ‘काका, पिस्टन कसा आत घेता?’ उत्तरावरून माणूस कळतो.

पिस्टन आत जाताना ब्रेक ऑइल वरच्या डब्यात चढतं, ते सांडू द्यायचं नाही, रंग खातं. ऑइल जुनं असेल तर याच वेळी बदलून घ्या. ते हवेतलं पाणी शोषत राहतं, आणि असं ऑइल लांब उतारावर तापून उकळलं की पॅडल गिळगिळीत लागतं. साधारण दोन वर्षांनी ते बदलायचं असतं.

काम झालं, चाकं लागली, नट तिरक्या क्रमाने आवळले. चावी हातात आली. थांबा! गाडी हलवायच्या आधी पॅडल कडक लागेपर्यंत ब्रेक दाबत राहा. पिस्टन मागे गेलेला असतो, त्यामुळे पहिला ब्रेक थेट जमिनीला टेकतो. तो अनुभव गॅरेजच्या दारात, रिकाम्या जागी घ्या. रस्त्यावर, समोर रिक्षा असताना नको.

नंतर मोकळ्या रस्त्यावर, मागे कुणी नाही हे बघून, साठच्या वेगावरून वीसपर्यंत बेताने आठ-दहा वेळा ब्रेक लावा. मध्ये थोडं अंतर जाऊ द्या, ब्रेक थंड होऊ द्या. पूर्ण थांबून तापलेल्या डिस्कवर पाय दाबून बसू नका. पहिले दोन-तीनशे किलोमीटर जपून चालवा. पॅड आणि डिस्क यांचं तोवर सूत जुळतं.

आणि शेवटी...

दोन डिस्क, पॅड, ऑइल आणि मजुरी मिळून मला चौघांच्या एका ट्रीपएवढा खर्च आला. गोव्याचं ठरलेलं रद्द झालं. ग्रुपवर दोन दिवस शिव्या खाल्ल्या, मग मैत्रिणीने मेसेज टाकला, ‘‘त्या गाडीत मी बसले होते.’’ त्यानंतर कुणी काही बोललं नाही.

महिन्याभराने आम्ही पुन्हा ताम्हिणीला गेलो. घाट उतरताना खालच्या गिअरमध्येच ठेवली, ब्रेकवर सारखा पाय ठेवला नाही. टपरीपाशी मुद्दाम त्याच उतारावर गाडी लावली. हॅण्डब्रेक ओढला, गाडी जागची हलली नाही. तरीही आजोबांचं ऐकून गिअरमध्ये टाकली: तोंड उताराकडे असेल तर रिव्हर्स, चढाकडे असेल तर पहिला.

या वेळी मात्र सगळे उतरल्याशिवाय मी चहा सांगितला नाही.