सात शब्द, एक शब्द

इंडोनेशियाच्या नोटेवर गणपती आहे, असा फॉरवर्ड तुम्हालाही आला असेल. ती नोट शोधायला गेले आणि भलतंच काहीतरी हाती लागलं...

‘बघा! ८७ टक्के मुसलमान असलेला देश आणि नोटेवर आपले बाप्पा!’

आमच्या फॅमिली ग्रुपवर हा फॉरवर्ड दर गणपतीत येतो. न चुकता, काकाकडून. खाली कुणीतरी जोडलेले हात टाकतं, कुणी ‘आपल्याकडच्यांनाही दाखवा जरा’ असा टोमणा मारतं. २०२२ च्या ऑक्टोबरमध्ये अरविंद केजरीवालांनी आपल्या नोटांवर लक्ष्मी-गणेश हवेत अशी मागणी केली, तेव्हा दाखला याच देशाचा दिला होता.

त्यामुळे योग्यकार्ताला उतरल्यावर मनी चेंजरकडे मी पहिली मागणी काय केली असेल? वीस हजार रुपियाची गणपतीवाली नोट! काउंटरपलीकडचा मुलगा हसायलाच लागला. “ती? ती तर मी शाळेत होतो तेव्हाची!”

खरंच. ती नोट १९९८ मध्ये निघाली आणि २००८ च्या अखेरीस चलनातून बादही झाली. तिच्यावर होते की हजर देवांतारा, म्हणजे तिथले शिक्षणमहर्षी, आणि त्यांच्या शेजारी गणपती. विद्येचं चिन्ह म्हणून. बांडुंगच्या नामांकित इंजिनीअरिंग विद्यापीठाच्या बोधचिन्हातही तो याच नात्यानं बसलाय. थोडक्यात काय, तर काकाचा फॉरवर्ड अगदीच खोटा नव्हता. फक्त त्यातून बरंच काही गळलं होतं.

तेव्हा कल्पना नव्हती, पण पुढचे दहा दिवस हाच प्रश्न माझी पाठ सोडणार नव्हता. काय गळतं, कोण गाळतं, आणि त्यानं काय होतं?

सीता मुसलमान आहे, मग?

संध्याकाळी प्रंबानन. नवव्या शतकातली उंचच उंच मंदिरं, मधोमध शिवाचं. त्यांच्या पार्श्वभूमीवर १९६१ पासून रामायणाचं नृत्यनाट्य होतंय आणि त्यातले बहुतेक कलाकार मुसलमान आहेत. मेकअप उतरवत बसलेल्या एका मुलीला मी विचारलंच, “रामायण करताना वेगळं नाही वाटत?” तिला प्रश्नच कळला नाही. “मी जावाची आहे. मग दुसरं काय नाचणार?”

मिळाली की स्टोरी! हेडिंगसुद्धा डोक्यात तयार.

दोन दिवसांनी जकार्तात मैत्रिणीला मी हे सगळं उत्साहात सांगितलं. ती जाहिरात एजन्सीत काम करते, वय माझ्याएवढंच, धर्मानं मुसलमान. तिनं कॉफी ढवळत ऐकून घेतलं आणि म्हणाली, “तुम्हा इंडियन लोकांना आमची ही एकच गोष्ट फार आवडते. सीतेचा नाच संपल्यावर ती घरी जाते, तिथलं कधी विचारता का?”

मग तिनं पर्समधून आयडी कार्ड काढलं. नाव, पत्ता, रक्तगट आणि धर्म. सरकारमान्य धर्म सहा : इस्लाम, प्रोटेस्टंट, कॅथलिक, हिंदू, बौद्ध आणि कन्फ्यूशियन. यात न बसणारे जुन्या स्थानिक श्रद्धांचे लोक वर्षानुवर्षं एक तर तो रकाना रिकामा ठेवायचे, नाहीतर या सहांपैकी काहीतरी लिहायचे. २०१७ मध्ये घटनात्मक न्यायालयानं निकाल दिला, तेव्हा कुठे त्यांची श्रद्धा कार्डावर आली.

मैत्रिणीचा बॉयफ्रेंड कॅथलिक. सहा वर्षांचं प्रकरण. १९७४ च्या विवाह कायद्यानुसार लग्न आपापल्या धर्मानुसार लागलं तरच वैध. पूर्वी काही जोडपी कोर्टातून नोंदणीची परवानगी मिळवायची. २०२३ च्या जुलैमध्ये सर्वोच्च न्यायालयानं परिपत्रक काढून न्यायाधीशांना बजावलं, अशा परवानग्या देऊ नका. आता दोनच मार्ग. एकानं धर्म बदलायचा, किंवा सिंगापूरला वगैरे जाऊन लग्न करायचं आणि परतल्यावर नोंदणीसाठी खेटे घालायचे.

“तुमच्याकडे कसं असतं?” तिनं विचारलं. मी तोऱ्यात १९५४ चा स्पेशल मॅरेज अ‍ॅक्ट सांगितला. तीस दिवसांची नोटीस आणि तेवढ्यात घरापर्यंत पोचणारी माणसं, हेही मग सांगावं लागलं. तोरा तिथेच उतरला.

गाळलेले सात शब्द

हा देश असा अधांतरी का? उत्तरासाठी १९४५ मध्ये जावं लागतं.

स्वातंत्र्याची घोषणा झाली १७ ऑगस्टला. घटनेच्या प्रस्तावनेचा मसुदा जूनपासूनच तयार होता आणि त्यात सात शब्द होते. अर्थ असा, की इस्लामच्या अनुयायांवर शरियत पाळण्याचं बंधन राहील. पूर्वेकडच्या बेटांवर ख्रिश्चन मोठ्या संख्येनं. हे शब्द राहिले तर ते या देशात राहणार नाहीत, असा निरोप मोहम्मद हत्तांकडे आला. १८ ऑगस्टच्या सकाळी हत्तांनी मुस्लिम नेत्यांना गाठलं, त्यांची समजूत काढली आणि ते सात शब्द वगळले. उरलं ते सुकार्नोंचं ‘पंचशील’. त्यात एका ईश्वरावर श्रद्धा आहे, पण तो कुणाचा, ते लिहिलेलं नाही.

विचार करा, बहुसंख्याकांच्या नेत्यांनी स्वतःच्या बाजूचे शब्द सोडले, म्हणून देश एकत्र राहिला. सगळ्यांना हे पटलं असं मुळीच नाही. २००२ मध्ये ते शब्द परत आणायचा प्रयत्न झाला. तेव्हा विरोध करणाऱ्यांत कोण होतं? नहदलतुल उलमा आणि मुहम्मदिया, म्हणजे देशातल्या दोन सर्वांत मोठ्या मुस्लिम संघटना! प्रयत्न फसला.

गाळलेला एक शब्द

आता कट टू २०१६. जकार्ताचे गव्हर्नर बासुकी त्जाहाजा पूर्नामा ऊर्फ अहोक. चिनी वंशाचे, ख्रिश्चन, तोंडानं फटकळ. कामावर लोक खूश. सप्टेंबरमध्ये एका भाषणात ते म्हणाले, की कुराणातली एक आयत ‘वापरून’ तुम्हाला फसवलं जात असेल तर मला मत नका देऊ. भाषणाची तीसेक सेकंदांची क्लिप फेसबुकवर आली आणि सोबत लिहिलेल्या मजकुरातून ‘वापरून’ हा शब्दच गायब. झालं! अर्थ उरला तो असा, की आयतच फसवते.

४ नोव्हेंबर आणि २ डिसेंबरला जकार्तात लाखोंचे मोर्चे निघाले. एप्रिल २०१७ मध्ये अहोक निवडणूक हरले. ९ मे रोजी ईशनिंदेसाठी दोन वर्षांची शिक्षा. ती पोस्ट टाकणाऱ्यालाही त्याच वर्षी शिक्षा झाली, पण तोवर शहराची मनं फाटली होती. मैत्रीण सांगते, “ऑफिसात चिनी वंशाची एक कलीग माझ्या शेजारी बसायची. त्या महिन्यांत ती माझ्याशी फक्त कामाचं बोलायची. मीही तिला काही विचारलं नाही. याचं अजून वाईट वाटतं.”

सात शब्द गाळून एक देश जोडला गेला होता. एक शब्द गाळून त्याच देशाची राजधानी दुभंगली.

शांततेचे चिथावणीखोर

मग करायचं काय? याचं उत्तर मला सापडलं त्याच पूर्वेकडच्या बेटांच्या गोष्टीत. अंबोन शहरात १९ जानेवारी १९९९ ला, ऐन ईदच्या दिवशी, एका बसवरून भांडण झालं आणि मुसलमान-ख्रिश्चन दंगल पेटली. २००२ च्या फेब्रुवारीत मालिनोचा करार होईपर्यंत मालुकू बेटांवर हजारो माणसं मेली. खरं तर तिथे गावागावांत ‘पेला’ची प्रथा (आपल्या पाण्याच्या पेल्याशी संबंध नाही!). एक मुसलमान गाव आणि एक ख्रिश्चन गाव एकमेकांचे भाऊ. यांच्या मशिदीला ते राबणार, त्यांच्या चर्चला हे. प्रथा होती तरीही आग लागली. नुसत्या परंपरेच्या भरवशावर राहता येत नाही, ते असं.

पुढे २०११ च्या सप्टेंबरमध्ये तिथे मोटारसायकल टॅक्सीचा एक मुस्लिम चालक मेला. पोलीस म्हणाले अपघात, एसेमेस म्हणाले खून. पुन्हा दगडफेक, पुन्हा जाळपोळ. या वेळी मात्र दोन्ही धर्मांच्या काही मंडळींनी वेगळाच उद्योग केला. अमुक ठिकाणी प्रार्थनास्थळ जाळलं अशी अफवा आली, की त्यांच्यापैकी जवळचा कुणी तिथे जाऊन बघायचा, मोबाइलवर फोटो काढायचा आणि सगळ्यांना पाठवायचा. त्यांनी स्वतःला नावही झकास घेतलं, ‘शांततेचे चिथावणीखोर’! दंगल झालीच, पण १९९९ सारखी पसरली नाही.

आणखी एक नाव सांगायलाच हवं. २४ डिसेंबर २००० च्या रात्री मोजोकेर्तोमधल्या एका चर्चवर नहदलतुल उलमाच्या युवक शाखेचा रियांतो पहारा देत होता. वय २५. बॉम्ब सापडला, तो त्यानं उचलून बाहेर नेला आणि त्याच्या हातातच फुटला. हा फॉरवर्ड आपल्याकडे कधी येत नाही.

२८ मीटर

शेवटच्या दिवशी मैत्रीण मला इस्तिकलाल मशिदीत घेऊन गेली. अवाढव्य! आर्किटेक्ट फ्रेडरिक सिलाबान, ख्रिश्चन. समोरच कॅथेड्रल. नाताळात मशीद चर्चच्या गाड्यांना पार्किंग देते, आणि ईद रविवारी आली तर चर्च प्रार्थनेची वेळ बदलतं. दोघांना जोडणारा २८ मीटरचा बोगदाही झालाय. २०२४ च्या सप्टेंबरमध्ये पोप फ्रान्सिस आले, तेव्हा इमाम आणि ते त्याच्या तोंडाशी उभे राहिले होते.

“सुंदर आहे ना?” मी म्हटलं.

“आहेच,” ती म्हणाली. “आमच्या दोघांसाठी पण कुणीतरी एवढासा खणला असता तर...”

परत आल्यावर काकाला ग्रुपवर लिहिलं, की ती नोट २००८ मध्येच बंद झाली. दोन निळ्या टिका. उत्तर नाही. आठवड्यानं त्याच ग्रुपवर कुठल्याशा मिरवणुकीची क्लिप आली. दगड, पळापळ, खाली संतापलेले इमोजी. मी एवढंच विचारलं, “कुठली आहे? कधीची?”

बराच वेळ कुणीच काही लिहिलं नाही. मग काकाचा फोन आला. “अगं, मलाही माहीत नाही. थांब, विचारून सांगतो.”